कोरड्या नदीची पुस्तकं

वाळूचा ट्रक भरून निघाला की त्याच्या मागे रस्त्यावर पाण्याची बारीक ओळ उमटत जाते. नांदेडला आमच्या घरावरून उन्हाळ्यात असे ट्रक जातात. वर ताडपत्री, मागच्या फळीच्या फटीतून ठिबक. नळाला पाणी यायची वाट बघत सगळी गल्ली ड्रम मांडून बसलेली असते, तेव्हाही ही ओळ चुकत नाही. ऊन तिला घटकाभरात पुसून टाकतं. शेजारच्या ताई म्हणतात, तेवढीच धूळ बसते. मी दारात उभी राहते आणि ओळ वाळेपर्यंत बघते.

यंदा पुन्हा तसलंच वर्ष आहे. पुलावरून जाताना गोदावरीकडे बघवत नाही. भाजीवाली मेथीची जुडी हातात देताना पावसाचं बोलते, ऑटोवाला सुट्टे परत करताना पावसाचं बोलतो. आणि पेपरात पुन्हा नव्या जिल्ह्याची मागणी सुरू झाली आहे. मोर्चे, बंद, चौकाचौकांत फलक. का नको? लांबच्या तालुक्यातल्या माणसाला एका सहीसाठी अख्खा दिवस घालवावा लागतो, ते मी पाहिलं आहे. पण दुष्काळ आणि नवा जिल्हा हे दोन शब्द एकाच पानावर दिसले की माझ्या तोंडाला कोरड पडते. मी उठते आणि बैठकीतल्या एका फळीपाशी जाऊन उभी राहते.

त्या फळीवरची पुस्तकं बघून पाहुणे गोंधळतात. मागे एक तरुण प्राध्यापक घरी आले होते. मी ज्या महाविद्यालयात मराठी शिकवून निवृत्त झाले, तिथेच ते आता शिकवतात. मान वाकडी करून त्यांनी पुस्तकांच्या पाठीवरची नावं वाचली आणि म्हणाले, "मॅडम, हे बांधकामाचं, हे लहान मुलांचं, ह्या कविता, हा उंटावरचा प्रवास. ही लावली कशी तुम्ही? ह्यांचं एकमेकांशी नातं काय?"

"वाळू," मी म्हणाले.

"वा! विषय किती वेगळा. ह्यावर एखादा विशेषांक निघेल."

माणूस चांगला आहे. मी चहा टाकायला आत गेले.

आमचं गाव मांजरेच्या काठी, निलंग्याच्या अंगाला. गावाची विहीर गावाच्या मधोमध आणि आमची वस्ती उतारावर, नदीकडे. उन्हाळ्यात मांजरा आटायची, म्हणजे वरून आटायची. पात्रात नजर पोचेल तिथवर तांबूस वाळू. बाया पहाटे तसराळी घेऊन पात्रात उतरायच्या आणि वाळू उपसायला लागायच्या. कोपरभर खोल गेलं की ओल लागते. कमरेइतकं गेलं की तळाशी पाणी पाझरायला लागतं, आधी गढूळ, मग काचेसारखं. त्या खड्ड्याला झिरा म्हणतात. गुडघ्यावर बसून करवंटीनं ते पाणी घागरीत भरायचं, थांबायचं, पुन्हा भरायचं. वस्तीतल्या प्रत्येक घराचा आपापला झिरा. कुत्री तोंड घालू नयेत म्हणून निघताना त्यावर बोरीच्या फांद्या टाकायच्या. माझी माय घरी आल्यागेल्याला पाणी देताना सांगायची, "पिऊन बगा, माझ्या झिऱ्याचं हाय." जसं कुणी सांगावं, माझ्या शेतातली ज्वारी आहे.

ह्या झिऱ्यांना एक मागची गोष्ट होती. मायच्या सासूच्या काळी आमच्या बाया गावच्या विहिरीच्या चौथऱ्याखाली घागरी मांडून उभ्या राहायच्या. वरची कुणी बाई येईल, तिला दया येईल, ती वरून ओतेल. धम्म घेतला त्या वर्षी वस्तीनं ठरवलं, आता त्या विहिरीवर जायचं नाही. नदी कुणाच्या बापाची नाही. तेव्हापासून आमच्या बाया वाळूतलं पाणी पीत होत्या. त्या पाण्यासाठी कुणाकडे बघावं लागत नव्हतं. माझ्या जन्मानंतर माझ्या घरातली कुठलीच बाई घागर घेऊन कुणाच्या हाताकडे बघत उभी राहिली नव्हती, आणि हे इतकं साधं वाटायचं की मला त्याचं काही विशेष आहे हेच माहीत नव्हतं.

मी तेव्हा लातूरला पहिल्या वर्षाला होते. वस्तीतून कॉलेजात गेलेली पहिली मुलगी. लातूर नुकताच जिल्हा झाला होता. त्याआधी काही काम निघालं की उस्मानाबादला जायचं, रात्र एस.टी. स्टँडवर काढायची आणि दुसऱ्या दिवशी साहेब दौऱ्यावर आहेत हे ऐकून परत यायचं. त्यामुळे जिल्हा झाल्याचा गुलाल आमच्या वस्तीतही उधळला गेला. तात्यांनी, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्यांनी, विहारासमोर गूळ वाटला. चौथी शिकलेले तात्या रोज संध्याकाळी विहारात पेपर मोठ्यानं वाचून दाखवायचे. ते म्हणाले होते, "आता साहेब जवळ आला. आता आपलं म्हणणं वाटंत सांडणार न्हाई."

जिल्हा झाला की तो बांधावा लागतो. ह्याचा विचार गूळ खाताना कुणी केला नव्हता. कचेऱ्या, कोर्ट, साहेबांची घरं, विश्रामगृह. रोज नव्या भिंती उठत होत्या. लातूरच्या रस्त्यानं चालताना बांधकामाचे ढीग ओलांडून जावं लागायचं आणि मला ते आवडायचं, कारण मी जिल्ह्याच्या गावात शिकते असं वाटायचं. आणि त्याच वर्षी पाऊस रुसला. नदीला पाणी असतं तर ट्रक पात्रात उतरलेच नसते. नदी आटली आणि पात्र म्हणजे सरळ सडक झाली.

सुट्टीला घरी आले तर पात्रात ट्रकच्या चाकोऱ्या. माणसं फावड्यांनी वाळू भरत होती, तीही आमच्यासारखीच पोटाच्या मागे आलेली. आधी ते वरच्या वळणावर होते, मग वस्तीसमोर आले. मायचा झिरा पहिल्यापेक्षा खोल गेला होता. ती त्यात उतरली की बाहेरून फक्त पदर दिसायचा.

"रोज खाली चाललंय बग पाणी," ती म्हणाली. "ते तिकडून वाळू उचलून राहिले, हे इकडून खाली जातंय. चादर एका कोपऱ्यातून वढल्यावानी."

तात्यांनी दरखास्त लिहिली. वस्तीसमोरची वाळू उचलू नका, तिथं आमचं पाणी आहे. तात्या, माय आणि मी तालुक्याला गेलो. कारकुनानं कागद वाचला आणि मान वर न करता विचारलं, "नदी कोरडी हाय का न्हाई?"

"हाव, कोरडी हाय," तात्या म्हणाले.

"मग पाणी कुठलं?"

"वाळूत हाय, साहेब."

"वाळूत!" कारकून शेजारच्याकडे बघून हसला. "कोरडी नदी अन् वाळूत पाणी. कुठं लिहिलंय असं? दाखवा बरं मला. आणा लिहिलेलं, मग बघू."

परतीच्या एस.टी.त तात्या खिडकीशी बसून होते. वाटलं, अपमान जिव्हारी लागला. गाव जवळ आल्यावर माझ्याकडे वळून म्हणाले, "सुमे, कुठं लिहिलं असंल गं हे?"

"तात्या, हे काय लिहायला पाहिजे? सगळ्यांना माहीतच आहे."

"माहीत असलेलं कचेरीत चालत न्हाई. लिहिलेलं लागतंय. त्यानं कवाड बंद न्हाई केलं, आणा म्हणला. तू शिकून राहिलीस ना? हुडक."

आज मला हसू येत नाही, पण समजतं. ज्यांच्या घरात आज्या-पणज्यांपासून पुस्तकं आहेत त्यांना ठाऊक असतं, की कचेरीत 'कुठं लिहिलंय' असं विचारतात तेव्हा कुणाला काही वाचायचं नसतं. आम्हाला ते ठाऊक नव्हतं. आम्ही पहिल्यांदाच वाचायला लागलेली माणसं. लिहिलेल्या शब्दानं आम्हाला विहिरीखालून उठवलं होतं, पोरींना शाळेत घातलं होतं. छापलेलं पान समोर धरल्यावर साहेब ते वाचणार नाही, ही कल्पनाच आमच्या डोक्यात बसत नव्हती. ही चूक आमचीच माणसं करू जाणत. दुसरं कुणी असतं तर मध्यस्थ शोधला असता. आम्ही पुस्तकं शोधायला निघालो.

लातूरला कॉलेजच्या ग्रंथालयात गेले. सुट्टीत विद्यार्थ्यांना पुस्तकं मिळत नसत. आमचे ग्रंथपाल सर उंच, कृश, सदरा नेहमी खांद्यावर धुळीनं मळलेला. त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"वाळू नावाचं कपाट ग्रंथालयात नसतं, मुली. ती सगळ्या कपाटांत थोडीथोडी असते. चल, हुडकू."

दुपारभर आम्ही हुडकलं. पंखा नव्हता, वीज गेलेली. सरांनी पुस्तकं स्वतःच्या नावावर काढून दिली. ह्या माणसाचं माझ्यावरचं ऋण कसं सांगू? पुढे बी.ए., एम.ए. करताना ज्या ज्या ग्रंथालयात गेले तिथे आधी मळक्या खांद्याचा सदरा दिसतो का बघितलं. मी शिकले ती अशा माणसांमुळे. पुढे जे झालं त्यात त्यांच्या पुस्तकांचा दोष नव्हता.

माझा चुलतभाऊ अशोकदादा नांदेडला रेल्वेत होता. त्याला निरोप गेला, तर त्यानं रद्दीच्या दुकानातून काच कशी बनते ह्यावरची पुस्तिका आणि समुद्रकिनाऱ्यावर वाळूचे किल्ले करणाऱ्या बहीणभावाचं चित्रांचं पुस्तक पाठवलं. किनवटला आश्रमशाळेत मास्तर असलेल्या त्याच्या मित्रानं मरुभूमीवरचं भूगोलाचं एक पुस्तक दिलं. कारण निरोपात एवढंच होतं, की वाळू असलेलं काहीही द्या.

मग संध्याकाळी विहारात वाचन. पाणी भरून, भाकरी करून बाया यायच्या, पुरुष बाहेर ओट्यावर बसायचे. मी कंदिलाजवळ बसून वाचायचे. ठरलं होतं की वाळूपुरतंच वाचायचं, पण लोकांना सगळंच ऐकायचं असायचं. किल्ल्याच्या पुस्तकात लाट येऊन किल्ला मोडते आणि बहीणभाऊ हसतात. वस्तीतल्या सोजरमावशी म्हणाल्या, "बया, एवढं पाणी अन् ते किल्ला करून राहिले?"

"ते खारं असतंय, मावशी," कुणी सांगितलं.

"मग जळू दे. फुकट एवढं घेऊन बसलंय."

काचेच्या पुस्तिकेत लिहिलं होतं की वाळू वितळवून काच करतात. तात्यांनी चष्मा काढून हातात धरला आणि सगळ्यांना दाखवला. "म्हंजे मी नदीतूनच पेपर वाचून राहिलो इतके दिवस." त्या संध्याकाळी सगळे हसले. दुष्काळात इतकं हसल्याचं मला दुसरं आठवत नाही.

कवितांचं एक पुस्तक होतं, त्यात कवीच्या मनात वाळवंट पसरलं होतं. तात्यांनी दोन कविता ऐकल्या आणि हात वर केला. "बास. ह्या बाबाला कधी तहान लागली न्हाई." एका कथासंग्रहाच्या नावात वाळू होती, आत कुठंच नव्हती. तो तरीही ठेवला, कारण टाकवेना. बांधकामाच्या पुस्तकात चांगली वाळू कशी ओळखावी ते दिलं होतं: तळहातावर घासा, माती लागता कामा नये. आमच्या मांजरेची वाळू तशीच होती, आणि तेच तिच्या मुळावर आलं होतं. विहिरी आणि भूजलावरच्या एका पोपडे सुटलेल्या पुस्तकात स्पष्ट लिहिलं होतं, की नदीच्या पात्रातली वाळू ओल्या स्पंजासारखी पाणी धरून ठेवते आणि वाळू काढली तर ते पाणी निघून जातं.

"स्पंज म्हंजी काय गं?" मायनं विचारलं.

मीही तो कधी पाहिला नव्हता. पाटीचा बोळा आठवून मी म्हणाले, "ओला बोळा."

"हां. मग बरोबर लिहिलंय."

आणि सगळ्यात आवडलं ते उंटावरच्या प्रवासाचं पुस्तक. लिहिणारा माणूस कंटाळवाणा, पानोपान आपल्या चहाविषयी सांगणारा. पण मध्येच एका ठिकाणी त्याचे वाटाडे कोरड्या नदीत थांबतात, हातांनी वाळू उकरतात आणि पाणी काढतात. ते वाचलं तशा बाया कंदिलाजवळ सरकल्या. एवढ्या लांबच्या, कुठल्या मुलखातल्या माणसांनी झिरा खणला होता आणि तो कुणीतरी छापला होता.

"पुन्हा वाच," माय म्हणाली. मी पुन्हा वाचलं. "करवंटी होती का त्यांच्याजवळ?"

"चामड्याचं भांडं होतं म्हणे."

"असू दे. खणायची रीत तीच हाय."

प्रत्येक पुस्तकात जिथं वाळूतलं पाणी होतं तिथं खूण घालायला बायांनी कडब्याच्या ताटाची साल सोलून दिली. पांढुरकी, पातळ, नखाएवढी रुंद. पुस्तकांतून त्या साली बाहेर डोकवायच्या, पेरणीनंतरच्या कोंबांसारख्या.

जिल्ह्याला जायचं ठरलं. तालुक्याच्या कारकुनाला एवढी पुस्तकं कळायची नाहीत, असं तात्यांचं म्हणणं. पुस्तकं खताच्या धुतलेल्या पोत्यात भरली. मायनं डोक्यावर चुंबळ ठेवून ती उचलली. फाट्यावर एस.टी. आली नाही. आला तो वाळूचा ट्रक. चालकानं विचारलं, "कुठं, माय?"

"लातूरला. कचेरीत."

"बसा वर. सांभाळून, वल्ली हाय."

आम्ही ओल्या वाळूवर बसून जिल्ह्याला गेलो. पोतं भिजू नये म्हणून मायनं ते सगळा वेळ मांडीवर धरलं. उतरलो तेव्हा तिचं लुगडं मागून चिंब झालं होतं. ती वाळू झटकत म्हणाली, "बग, आन् म्हंतेत कोरडी हाय."

वाळूचं काम ज्या खात्याकडे होतं त्याची कचेरी तेव्हा भाड्याच्या घरात होती. मोठे साहेब तरुण होते, इस्त्रीचे कपडे, बोलणं गोड. आम्हाला त्यांनी खुर्च्या दिल्या. खरोखर दिल्या. माय बसेना, तर स्वतः म्हणाले, "बसा, आई." पोत्यातून एकेक पुस्तक टेबलावर आलं तसे त्यांचे डोळे मोठे झाले. त्यांनी शेजारच्या खोलीतल्या माणसांना बोलावलं.

"हे बघा! खेड्यातली माणसं, त्यात दुष्काळ, आणि एवढी पुस्तकं! एकाच विषयावर! वाचनाची काय ही आवड!"

तात्या उभे राहिले. "साहेब, आवड न्हाई. पाणी हाय."

"हो हो, ते बघतोच," साहेब म्हणाले. दरखास्तीवर त्यांनी काहीतरी लिहिलं आणि ती बाजूला ठेवली. मग म्हणाले, की पुढच्या आठवड्यात नव्या इमारतीचा समारंभ आहे, मोठे पाहुणे येणार आहेत, तिथं ह्या पुस्तकांचं प्रदर्शन मांडू. आणि ही मुलगी दोन शब्द बोलेल. पुस्तकं इथंच ठेवून जा, जपून ठेवतो.

परत येताना तात्या इतके खूश होते की त्यांनी मला आणि मायला स्टँडवर उसाचा रस पाजला. "मोठे पाहुणे येणार. म्हंजे आता एकटा साहेब न्हाई, समदे वाचतील. समद्यांच्या देखत न्हाई कसं म्हणतील?"

मला आधीच कळायला हवं होतं, असं कुणी म्हणेल. मी भाषण लिहीत होते. पाच वेळा फाडून पुन्हा लिहीत होते.

समारंभाला मांडव होता, सनई होती, नव्या इमारतीला चुन्याचा वास होता. एका कोपऱ्यात टेबलावर पांढरी चादर आणि त्यावर आमची पुस्तकं. वर सुंदर अक्षरात पाटी, 'वाळू : एक आगळं ग्रंथदालन'. मी धावत गेले. पुस्तकं उंचीप्रमाणे लावली होती, थोरली मागे, धाकटी पुढे. कडब्याची एकही साल नव्हती.

टेबलाशी असलेल्या शिपायाला विचारलं. तो म्हणाला, "तो कचरा होय? साहेबांनी साफ करायला सांगितलं, कवाच काढला. किती निघाला, ताई! उंदीर लागले होते का?"

मी उंटावरचं पुस्तक उघडलं आणि ते पान शोधायला लागले. सापडेना. चहाची पानं येत होती, नुसती चहाची. तेवढ्यात पाहुणे आले. कुणीतरी माझ्या हातून पुस्तक हलकेच घेऊन जागेवर ठेवलं. एका बाईंनी किल्ल्याचं पुस्तक चाळलं, चित्रं बघून म्हणाल्या, "किती गोड." एक वयस्कर पाहुणे कवितांचं पुस्तक घेऊन दोन ओळी मोठ्यानं म्हणाले. भूजलाच्या पुस्तकाला कुणी हात लावला नाही, त्याचे पोपडे बोटांना लागत होते.

मी बोलले. कोरड्या नदीत पाणी असतं, ते वाळू धरून ठेवते, आमच्या वस्तीसमोरची वाळू राहू द्या, एवढंच बोलले. आवाज कापला नाही. टाळ्या झाल्या, खूप झाल्या. अध्यक्ष म्हणाले, की नव्या जिल्ह्याची ही नवी पिढी. तात्यांना शाल आणि नारळ दिला. फोटो निघाला. शाल उबदार, महिना वैशाखाचा. तात्या घामानं डबडबले होते, पण त्यांनी ती काढली नाही, कारण काढायची असते का राहू द्यायची असते हे त्यांना माहीत नव्हतं.

दरखास्तीचं काय झालं असं ते विचारायला गेले तेव्हा साहेब पाहुण्यांना गाडीपर्यंत सोडायला गेले होते.

गावी पोचलो तर वस्तीसमोर पात्रात खालचा काळा गाळ उघडा पडला होता. वाळू संपली तिथं ट्रक थांबले होते आणि पुढच्या वळणाला लागले होते. बायांनी गाळात खणून पाहिलं. ओल होती, पाझर नव्हता. सोजरमावशी दिवसभर खणत राहिल्या. संध्याकाळी तसराळं घेऊन वर आल्या, ते आतून काळं झालं होतं. बोरीच्या फांद्या तिथंच पडून राहिल्या, झाकायला काही नव्हतं.

तात्या मला एका शब्दानं बोलले नाहीत. पुस्तकं त्यांनी स्वतः मोजून, पुसून, ज्याची त्याला पोचवली. ग्रंथपाल सरांनी विचारलं, "काम झालं का?" तर म्हणाले, "प्रदर्शन लई छान झालं, सर." पेपर वाचणं मात्र त्यांनी सोडलं नाही. पुढे माझी फी, माझी पुस्तकं, नांदेडची नोकरी, सगळ्याच्या मागे ते होते. मी त्यांना एकदा विचारलं होतं, की तात्या, तुम्हाला पुस्तकांचा राग आला नाही का? ते म्हणाले, "पुस्तकात खरंच लिहिलं होतं ना?" मी म्हणाले, हो. "मग झालं तर."

माझं मात्र तेवढ्यानं झालं नाही. नोकरी लागल्यावर मी तीच पुस्तकं जमवायला लागले. रद्दीत, जुन्या बाजारात, बंद पडलेल्या वाचनालयांच्या गठ्ठ्यांत. बहुतेक सापडली. ही फळी ती. हा छंद आहे असं लोकांना वाटतं. मी वर्गात चांगली शिकवायचे असं मुलं म्हणतात, पण कविता शिकवताना पोरं 'वा' म्हणाली की मी पुस्तक मिटायचे. वाटायचं, आता ही टाळ्या वाजवतील आणि घरी जातील. त्या 'वा'चा मला आजही भरवसा नाही. ज्या शब्दांनी मला उभं केलं तेच शब्द एका पांढऱ्या चादरीवर उंचीप्रमाणे मांडले की कुणालाच काही करावं लागत नाही, हे मी फार लवकर पाहिलं. शिकल्याबद्दल कृतज्ञ आहे, रोज आहे. पण त्या कृतज्ञतेला कडू चव आहे, आणि ती जात नाही. आता जावी असंही वाटत नाही.

त्या उन्हाळ्यात वाळू संपल्यावर वस्तीनं दोन दिवस सावलीच्या पाण्यावर काढले, म्हणजे रांजणाच्या तळाशी होतं त्यावर. टँकर गावात यायचा, विहिरीत ओतून जायचा. तिसऱ्या दिवशी माय घागर घेऊन निघाली. मी बरोबर गेले. तात्या ओट्यावर बसले होते, त्यांनी आमच्याकडे बघितलं नाही.

विहिरीवर कुणी अडवलं नाही, हे सांगायला हवं. काळ बदलला होता, कायदा होता, गावातली माणसंही वाईट नव्हती. फक्त वस्तीला वेळ ठरवून दिली होती: सगळ्यांचं भरून झाल्यावर, दुपारी. आणि दोर-बादली त्यांची, त्यामुळे शेंदायचं त्यांनी. आमच्या बाया खालच्या पायरीपाशी घागरी मांडून उभ्या राहिल्या. कुणी शिकवलं नव्हतं, तरी रांग बरोबर तिथंच लागली.

वर गावातल्या एका मोठ्या घरच्या काकू होत्या. त्यांनी बादली ओढली, मायला ओळखलं आणि हसल्या.

"काय गं, तुझी सुमी जिल्ह्याला बोलली म्हणं मोठ्या लोकांपुढं? लई छान बोलली म्हणून राहिले समदे."

मायनं घागर दोन्ही हातांनी वर धरली. डोळे बादलीच्या काठावर होते.

"हाव, काकू," ती म्हणाली. "समद्यांनी टाळ्या वाजवल्या."

काकूंनी वरून पाणी ओतलं.